पडलेलीचं ताट

दुपारपासून तीन वेळा घर झाडून झालं. मोबाईल खिडकीत ठेवलाय, कारण आमच्या घरात रेंज तेवढ्याच जागी येते, आणि माझा झाडूही फिरून फिरून त्या खिडकीखालीच येतो. मालकीण सकाळी म्हणाल्या होत्या, "सांजपर्यंत सांगते." सांज व्हायला अजून अवकाश आहे. हाताला काहीतरी पाहिजे म्हणून मुलीची मागच्या वर्षीची वही काढली. तिची शेवटची पानं कोरी आहेत. माझी शाळा चौथीपर्यंत. गावात तेवढीच होती. पुढची शेजारच्या झरी गावात होती, पण मुलीला एकटीला पाठवायचं नाही असं घरात ठरलं. तरी अक्षर मी मोडू दिलं नाही. किराणा बांधून आलेला कागदसुद्धा वाचून काढते. ही वही कुणाला दाखवायची नाही.

मी कुस्ती खेळते.

हे वाक्य लिहिलं आणि उठून दाराची कडी बघून आले. अकरा वर्षं झाली, पण हे मी तोंडानं कधी कुणाला सांगितलेलं नाही. शेजारणीनं विचारलं तर नवरा सांगतो, "कॅटरिंगला जाती." तो गवंडी आहे, बोलायला पटाईत. एकदा शेजारीण म्हणाली, "मग एखाद्या वेळी आमच्या घरचं कार्य करा की." तो म्हणाला, "तिला पाचशे माणसाच्या खाली हात चालत न्हाई." मी आत तोंडात पदर धरून उभी होते.

आमची कुस्ती तालमीतली नाही. तालमीत मुली घाम गाळतात, त्यांना पदकं मिळतात, त्या खऱ्या जिंकतात आणि खऱ्या हरतात. आमची खेळाची कुस्ती. कोण पडणार हे आधी ठरलेलं असतं. आम्ही सहा बायका. एक टेम्पो, फळ्या, गाद्या, चार कोपऱ्यांना चार लोखंडी खांब आणि त्यांना बांधलेला नायलॉनचा दोर. जत्रेत पुरुषांच्या कुस्त्या झाल्या की दुपारी चारला आमचा खेळ लागतो. फळ्यांच्या खाली आम्ही पत्रा टांगून ठेवतो. वर माणूस पडलं की पत्रा असा वाजतो की लांब पाळण्यात बसलेले लोकही माना वळवतात. एक चांगली असते आणि एक वाईट असते. चांगली उघड्या तोंडानं येते, लोकांना हात जोडते. वाईट मुखवटा घालून येते, झिंज्या ओढते, पंचाला ढकलते, लोकांकडे बघून मूठ दाखवते. शेवटी वाईट पडते आणि लोक खूश होऊन भजी खायला जातात.

वाईट म्हणजे मी. पाटीवर माझं चित्र असतं, काळी वाघीण म्हणून.

मी भिडस्त आहे. लहानपणी जयंतीच्या मिरवणुकीत सगळ्या मुली लेझीम खेळायच्या आणि मी पाणी वाटायच्या मडक्यामागं उभी राहायची. लग्नानंतर परभणीला आले आणि कापसाच्या जिनिंगला कामाला लागले. तिथंही दुपारची भाकर सगळ्यांच्या मागं बसून खायची. मालकीण एकदा गाद्या भरायला मळका कापूस घ्यायला जिनिंगवर आल्या. त्या आधी सर्कशीत झुल्यावर होत्या, गुडघा गेला म्हणून हा खेळ काढला. मी कापसाचं गाठोडं डोक्यावर घेऊन त्यांच्या टेम्पोत टाकलं. त्यांनी मला खालून वर बघितलं आणि विचारलं, "पडायला येतं का गं?"

मला वाटलं, माझं काही चुकलं. मी मान खाली घातली.

"बोलायला येत न्हाई," त्या आपल्या भावाला म्हणाल्या. हा भाऊ टेम्पो चालवतो आणि खेळात पंच होतो. "लय बरं हाय. बोलायचं काम माझंच हाय."

त्यांच्या घरामागच्या मोकळ्या जागेत मी महिनाभर नुसती पडले. दुसरं काही शिकवलंच नाही. हनुवटी छातीला लावायची. श्वास सोडून द्यायचा. पाठ टेकते त्याच वेळी दोन्ही तळहात गादीवर आपटायचे, म्हणजे मार हातात वाटला जातो आणि पत्राही वाजतो. पुढून पडायचं, मागून पडायचं, कुणी उचलून टाकलं तर पडायचं. मालकीण खुर्चीवर बसून शेंगा सोलायच्या आणि म्हणायच्या, "डोक्याला कळायच्या आत अंगाला कळलं पायजे. डोकं मधी आलं की मान मोडती." महिन्यानं असं झालं की मला कुणी जरा धरून सोडलं तरी अंग आपोआप गोळा व्हायचं आणि श्वास निघून जायचा. घरी नवऱ्यानं मागून येऊन कमरेला हात घातला तर मी भांड्यांसकट खाली. तो म्हणाला, "आता तुझ्यावर रागवायचीबी सोय न्हाई. आधीच पडून मोकळी हुतीस."

मुखवटा मी स्वतः शिवला. काळी साटन वरून, आतून जुन्या लुगड्याचं मऊ अस्तर, डोळ्यांना आणि नाकाला भोकं, मागं चार बंद. पहिल्यांदा घातला तेव्हा आत माझाच श्वास ऐकू आला. रिंगणात गेले. सगळी जत्रा माझ्याकडे बघत होती आणि मला कुणी ओळखत नव्हतं. लोकांनी शिव्या घातल्या, शेंगांची टरफलं फेकली, एका म्हातारीनं चप्पल दाखवली. मी दोराला धरून त्या म्हातारीकडे बघत डरकाळी फोडली. माझ्यात एवढा आवाज होता हे मला तोवर माहीत नव्हतं.

त्याच दिवशीची दुसरी गोष्ट ताटाची. खेळ संपल्यावर कनातीमागं चूल पेटलेली होती. सगळ्या जणी गोल करून बसल्या. मी घरून आणलेलं माझं ताट काढलं आणि चार हात लांब, टेम्पोच्या चाकाला टेकून बसले. कुणी सांगितलं नव्हतं. लहानपणापासून जिथं जिथं दुसऱ्यांच्यात जेवले, तिथं अशीच बसत आले होते. मालकीण उठल्या, गुडघा धरत माझ्याजवळ आल्या, माझं ताट उचललं आणि चुलीपाशी नेऊन ठेवलं.

"आज कोण पडलं?" त्यांनी विचारलं.

कुणीतरी म्हणालं, "वाघीण."

"मग आधी वाघिणीला वाढा. आपल्यात पडलेलीचं ताट आधी. जिंकलेलीचं शेवटी. तिला टाळ्या मिळाल्यात, तिचं पोट निम्मं भरलंय."

तव्यावरची पहिली भाकर माझ्या ताटात पडली. सगळ्या जणी बघत होत्या आणि मी पदर पुढं ओढून खाली बघत जेवले. तेव्हापासून तो नियम माझ्याच वाट्याला आला. अकरा वर्षं मी पडले आणि अकरा वर्षं पहिली गरम भाकर खाल्ली.

त्यातली आठ वर्षं माझ्यासमोर एकच जोडीदारीण. नांदेडकडची, माझ्यापेक्षा बारा वर्षांनी लहान, हसऱ्या तोंडाची. ती चांगली. तिच्या येण्यावर लोक शिट्ट्या वाजवतात. ती मला अक्का म्हणते. आमचं अंग एकमेकींना इतकं माहीत आहे की तिची पाळी जवळ आली की मला तिच्या पकडीवरून कळतं. रिंगणात आम्ही बोलत नाही, अंगठ्यानं मनगट दाबतो. एकदा दाबलं म्हणजे आता शेवट. तिची तक्रार एकच. जिंकल्यामुळे तिला कायम तळाचं आणि थंड जेवण. "अक्का," ती म्हणायची, "आठ वर्षांत मला रश्श्यातली एक फोड धड मिळाली न्हाई. नुसता मसाला चाटायलेय. जिंकून जिंकून वाळून गेले बघा."

मध्येच उठले. फोन वाजला वाटलं. शेजारच्या घरातला होता.

गेल्या दिवाळीपासून माझी मान धरते. डावा हात मुंग्या आल्यासारखा होतो. डॉक्टर म्हणाले, हे वर्ष झालं की उचलून आपटून घ्यायचं बंद. नवरा रोज तेल लावून मान चोळतो आणि म्हणतो, "घरात एकदाबी हरत न्हाईस, आन् भायेर रोज हारतीस. मान मात्र मला चोळावी लागती." मला हसू येतं. पण तेल लावून झाल्यावर मी पडून राहत नाही. उठते, भांडी पुन्हा लावते, दारात जाऊन येते. एक वर्ष म्हणजे आमच्या धंद्यात पौषापासून चैत्रापर्यंत. मग संपलं. मग मी कुठं ओरडणार?

मुलगी गंगाखेडला नर्सिंग शिकते, तिथंच राहते. तिला माझं काम आधीपासून माहीत आहे, पण तिनं खेळ कधी बघितला नव्हता. मी येऊ दिलं नाही. संक्रांतीला ती घरी आली तेव्हा तिच्या मोबाईलवर कुणीतरी काढलेला व्हिडिओ होता. वाघीण पडते, लोक नाचतात. खाली लोकांनी हसण्याची चित्रं टाकली होती. तिनं तो मला दाखवला नाही, मीच मागून बघितला. फोन बंद करून ती म्हणाली, "मम्मी, तू परत्येक टायमाला पडतीसच का?"

"काम हाय ते," मी म्हणाले.

"म्हाईत हाय मला काम हाय. पण अकरा वर्षांत एकदाबी कुणाला वाटलं न्हाई का, हिला उठवावं?" ती तवा उतरवत म्हणाली, "संपायच्या आधी एकदा मी बघायला येणार. मला तू जिंकलेली बघायचीय."

त्या दिवसापासून ते माझ्या अंगात शिरलं. रोज सकाळी उठल्यावर पहिलं तेच. एकदा जिंकायचं, मान जायच्या आत, आणि मुलगी बघत असताना. पण त्यासाठी मालकिणीला मागावं लागणार होतं, आणि मी अकरा वर्षांत त्यांच्याकडे काही मागितलं नव्हतं. टेम्पोत खिडकीची जागासुद्धा नाही. चार वेळा त्यांच्या घरापर्यंत गेले आणि दारातून परत आले. पाचव्या वेळी त्या अंगणातच होत्या.

"काय गं, रोज येऊन माझं घर मोजून जायलीस का?" त्या म्हणाल्या.

मी जमिनीकडे बघून सगळं एका दमात सांगितलं. त्यांनी माझा मुखवटा धुऊन दोरीवर टाकला होता, त्याचे बंद सरळ करत राहिल्या.

"राणीसावरगावच्या जत्रेत कर," त्या म्हणाल्या. "तिथं तुला सगळ्यात जास्ती शिव्या पडतात. पण एक हाय. वाघीण जिंकली की मुखवटा काढावा लागंल. इतक्या सालांचं लोक बघायलेत, हिच्या आत कोण हाय म्हणून. तेवढं दाखवलं न्हाई तर लोक काय घिऊन घरी जातील?"

मी हो म्हणाले. घाईत म्हणाले. जिंकायचं मिळालं एवढंच ऐकू आलं होतं.

जत्रेच्या दिवशी सकाळपासून माझं लक्ष कुठंच नव्हतं. फळ्या लावताना दोनदा बोट चेमटलं. जोडीदारीण मात्र खुशीत. "आज मी पडनार," ती चुलीजवळ जाऊन झाकण उघडून बघून आली, "अंडाकरी हाय, अक्का. पहिली भाकर माझी. वरची तर्री माझी. तुमी आज बसा तळ खरडत."

मालकीण बंद बांधायला आल्या. मी म्हणाले, "जरा घट्ट बांधा."

"आज सैल बांधायचे असतात गं. काढायचाय ना."

"घट्टच बांधा," मी म्हणाले. तेव्हा मलाही कळलं नाही की मी असं का म्हणाले.

चारला ऊन तिरपं झालं होतं. मुलगी आणि नवरा उजव्या बाजूच्या भज्याच्या गाड्यापाशी उभे होते. तिची पिवळी ओढणी मला भोकांतून दिसत होती. मी आत गेले आणि लोकांनी सुरुवात केली. नेहमीच्या शिव्या, नेहमीची टरफलं. मी मूठ दाखवली, पंचाला ढकललं. खेळ छान चालला होता, इतका छान की मी विसरले. जोडीदारणीला दोनदा आपटलं, पत्रा दणाणला. मग तिनं मला मागून कमरेत धरलं. इथून नेहमी मी वर जाते आणि पाठीवर पडते. आज ठरलं होतं की ती मनगट दाबणार, पकड सैल सोडणार, मी वळून तिच्या पायात पाय घालणार आणि ती पडणार.

तिनं मनगट दाबलं. पकड सैल झाली.

माझी हनुवटी छातीला लागली, श्वास निघून गेला, आणि मी पडले. पाठ टेकली, दोन्ही हात गादीवर आपटले, पत्रा वाजला. अकरा वर्षांत इतकी सुरेख मी कधी पडले नसेन. सैल सोडलेल्या हाताचा अंगाला एकच अर्थ माहीत होता.

जोडीदारणीला दुसरं काही सुचलं नाही. तीही सवयीनं माझ्या खांद्यांवर हात ठेवून बसली. पंच गुडघ्यावर आले. दोन्ही खांदे टेकलेले असताना तीन म्हटलं की संपतं. ते माझ्याकडे बघत राहिले.

"एक," ते म्हणाले.

"अक्का, काय केलं हे," जोडीदारीण ओठ न हलवता म्हणाली. "उठा. मी हात नुसता ठिवलाय. ढकला मला."

"दोन."

आणि पंच थांबले. त्यांनी खांद्यावरचा टॉवेल काढला आणि तोंड पुसलं. मग मान पुसली. मग टॉवेल झटकला, घडी घातली. लोक ओरडायला लागले, "ओ मास्तर, तीन म्हणा की. तिसरीत नापास झाले का?" पंचांनी शांतपणे टॉवेल पुन्हा खांद्यावर टाकला. आयुष्यात त्यांनी एवढा वेळ कधी लावला नव्हता. माझ्यासाठी लावला.

पडले ती चूक झाली. हे मी सगळ्यांना सांगितलं आणि सगळ्यांनी मानलं. पण दोन आणि तीनच्या मध्ये जे झालं, ते चूक नव्हती. ते इथं लिहायचं म्हणूनच मी वही काढली असावी.

माझी मान दुखत नव्हती. हात मोकळे होते. वर आभाळात एक घार फिरत होती आणि मी ती मुखवट्याच्या भोकांतून बघत होते. मला उठता येत होतं. उठले की ती पडणार, ती पडली की मी जिंकणार, आणि जिंकले की सगळ्या जत्रेसमोर हात डोक्यामागं नेऊन बंद सोडायचे. मग मी दिसणार. कानाजवळचे पांढरे केस, पुढचा पडलेला दात, जिनिंगवरची बाई. ज्या आवाजानं अकरा वर्षं ओरडले तो आवाज कुणाचा होता हे त्यांना कळणार, आणि मग तो पुन्हा माझ्यातून निघणार नाही. पिवळी ओढणी गाड्यापासून पुढं आली होती. मी ती बघितली. बघून पुन्हा घारीकडे बघितलं.

मी पडून राहिले.

"तीन," पंच म्हणाले. आवाजात काही नव्हतं.

लोक नाचले. जोडीदारणीचा हात वर झाला. ती हसत होती, आणि तिच्या डोळ्यांत पाणी होतं.

कनातीमागं कुणी रागावलं नाही. मालकीण एवढंच म्हणाल्या, "सवय हाय. अकरा सालांची. अंगाला काय सांगणार?" नवरा आत येऊन म्हणाला, "चुकली हो ती. घरीबी अशीच पडती." सगळ्या हसल्या. मी मुखवटा काढायला गेले तर बंद सुटेनात. मुलगी मागं येऊन उभी राहिली आणि गाठ सोडायला लागली.

"लय घट्ट बांधून घेतलीस," ती म्हणाली. "मैदानात तर ही गाठ सुटलीच नसती."

मी मान पुढं झुकवली.

तिनं नखानं एक बंद सोडवला, मग दुसरा. मग माझ्याच कानाला येईल एवढ्या आवाजात म्हणाली, "पप्पा म्हणायलेत चुकलीस. पडलीस तवा चुकलीस, ते मला कळलं. पण दोननंतर तू वर बघायलीस, मम्मी. चुकलेलं माणूस उठायची धडपड करतंय."

ती रागानं बोलली असती तर बरं झालं असतं. तिनं मुखवटा काढला, माझ्या तोंडावरचा घाम आपल्या ओढणीनं पुसला आणि मुखवटा घडी घालून माझ्या मांडीवर ठेवला.

मालकिणींनी ताट वाढलं. "पडली ती आधी," त्या म्हणाल्या आणि पहिली भाकर माझ्यापुढं आली. वर तर्री, दोन अंडी. जोडीदारीण समोर उभी राहून बघत होती. "म्हंजे आजबी मला तळच," ती म्हणाली. मग फतकल मारून माझ्या शेजारी बसली आणि माझ्याच ताटातली निम्मी भाकर मोडली. "पडनार तर मी हुते. कागदावर मीच पडले. निम्मं ताट माझं."

मालकिणींनी बघितलं आणि त्या दुसरी भाकर थापायला लागल्या. आम्ही दोघी एका ताटात जेवलो. ती जेवली. मी अंडं फोडून रश्श्यात नुसतं फिरवत राहिले.

त्याला तीन आठवडे झाले. या तीन आठवड्यांत मी एका जागी बसलेली नाही. पीठ चाळून पुन्हा चाळते. झोपेत हनुवटी छातीला लागते आणि नवरा म्हणतो, "आता कोन टाकायलंय तुला?" मुलीचे फोन येतात, इकडचं तिकडचं बोलते, त्या गोष्टीवर येत नाही. परवा मात्र ठेवता ठेवता तिनं विचारलं, "मम्मी, जिंकल्यावर मुखवटा काढायचा, हा नियम कुणी केला?"

"मालकिणीनं."

"विचारलंस का त्यांना, दुसरं काही चालंल का म्हणून?"

मी विचारलं नव्हतं. एकदा मागितलं, तेवढ्यातच माझा सगळा धीर संपला होता. आणखी मागायचं असतं हे डोक्यातच आलं नाही.

आज सकाळी मी मालकिणीला फोन लावला. आपणहून लावलेला हा पहिलाच. म्हणाले, "येलदरीच्या जत्रेला मी येते. जिंकायचंय. पण तोंड झाकून."

पलीकडे पातेल्याचा आवाज येत होता. तो थांबला. "मग लोक काय घिऊन घरी जातील गं?"

मी रात्रभर उत्तर जुळवलं होतं, ते आठवेना. "ते मला न्हाई म्हाईत, बाई. मला जिंकायचंय."

"सांजपर्यंत सांगते," त्या म्हणाल्या आणि ठेवला.

इथपर्यंत लिहिलं आणि फोन वाजला. खिडकीत जाऊन उचलला. मालकीणच होत्या.

"ये," त्या म्हणाल्या. "मुखवटा ऱ्हाऊ दे. वाघीण जिंकती आन् तोंड न दाखवता जाती. जाऊ दे लोकांना चिडून घरी. पर एक सांग मला. पंच माझा भाऊ हाय, मी त्याला वळखते. त्यानं टावेलाची घडी घातली तवर तुला उठता येत हुतं. ह्या खेपला उठशील का?"

म्हणजे त्यांनाही माहीत होतं. सवय हाय म्हणाल्या, आणि माहीत होतं. "उठीन," मी म्हणाले.

"आन् हिचा निरोप हाय. भाकर गरम पायजे म्हणती, न्हाईतर येत न्हाई." मागून जोडीदारणीचं हसणं ऐकू आलं.

नऊ दिवस आहेत. पडायचं शिकायला महिना लागला होता. नवरा कामावरून आला तेव्हा मी झाडलेल्या फरशीवर सतरंजी टाकून उताणी पडले होते. तो चपला काढता काढता थांबला.

"आता काय?"

"मोजा," मी म्हणाले. "एकपासून. दोनला थांबा."

तो उंबऱ्यावर बसला. मी झाकून ठेवलेला चहाचा कप त्यानं शेजारी ओढला. "एक," तो म्हणाला. "दोन." आणि खरंच थांबून चहाच्या कपाकडे हात नेला. माझी हनुवटी छातीला लागली होती, ती मी जोर लावून सोडवली, खांदा उचलला आणि उठून बसले.

"जमलं की," तो म्हणाला.

"उशिरा उठले मी. तुमचा हात कपाला लागला हुता. पंच जास्ती थांबत न्हाईत दर वेळी." मी पुन्हा उताणी झाले. "मोजा."